एलआयसीचा मालक नक्की कोण?

प्रश्न : आमच्या घरात सगळ्यांच्या मिळून चार एलआयसी पॉलिसी आहेत. सोसायटीच्या ग्रुपवर मेसेज फिरतोय की एलआयसी शेअर बाजारात गेली म्हणजे सरकारने विकून टाकली, लवकर सरेंडर करा आणि पैसे काढून घ्या. मिस्टर पण घाबरलेत. खरंच मालक बदलला का? आणि आम्ही पॉलिसीवाले मग कोण? (एक वाचक, सांगली)

उत्तर : ताई, पहिलं म्हणजे या मेसेजमुळे तरी सरेंडर करू नका, मध्येच पॉलिसी मोडली की नुकसान तुमचंच होतं.

मालक सरकारच आहे. मे २०२२ मध्ये आयपीओ, म्हणजे लोकांना पहिल्यांदा शेअर विकणं, आला तेव्हा सरकारने फक्त ३.५ टक्के हिस्सा विकला, त्याचे साधारण २१ हजार कोटी आले. ९६.५ टक्के सरकारकडेच राहिले आणि कागदोपत्री ते शेअर्स भारताच्या राष्ट्रपतींच्या नावावर असतात, कारभार अर्थ मंत्रालय बघतं. उरलेल्या साडेतीन टक्क्यांत म्युच्युअल फंड, परदेशी गुंतवणूकदार, कर्मचारी आणि तुमच्याआमच्यासारखे लाखो लोक. पुढे सरकारला अजून विकावं लागणार आहे, शेअर बाजारावर देखरेख ठेवणाऱ्या सेबीने लोकांकडे किमान १० टक्के हिस्सा जाण्यासाठी मे २०२७ पर्यंत मुदत दिलीय, पण कायद्यातच लिहून ठेवलंय की सरकारचा वाटा ५१ टक्क्यांखाली जाऊ शकत नाही आणि सरकार सोडून कुणालाही ५ टक्क्यांपेक्षा जास्त ठेवता येत नाही. त्यामुळे कुणी एक उद्योगपती उठून एलआयसी घेईल ही भीती मनातून काढून टाका.

पॉलिसीची हमी? ती १९५६ च्या एलआयसी कायद्याच्या कलम ३७ मध्ये आहे, विम्याची रक्कम आणि जाहीर झालेला बोनस दोन्हीला केंद्र सरकारची हमी आहे. शेअर बाजारात गेल्यावर ती गेलेली नाही.

आता तुम्ही कोण, हा खरा महत्त्वाचा प्रश्न. पॉलिसी घेतली म्हणून आपण मालक होत नाही. म्युच्युअल विमा संस्थेत पॉलिसीधारकच मालक असतात आणि आपल्या मुंबईत १८७० मध्ये सुरू झालेली बॉम्बे म्युच्युअल तशीच होती. १९५६ मध्ये तिच्यासकट २४५ विमा कंपन्या आणि सोसायट्या एकत्र करून एलआयसी झाली, राष्ट्रीयीकरणाची घोषणा तेव्हाचे अर्थमंत्री चिंतामणराव देशमुखांनी केली होती, सरकारने भांडवल घातलं फक्त ५ कोटी. पण नफ्यातले ९५ टक्के पॉलिसीधारकांना बोनस म्हणून आणि ५ टक्के सरकारला, असं वर्षानुवर्षं चाललं. म्हणजे मालकी नव्हती पण मालकासारखा वाटा होता.

तो वाटा कमी झालाय आणि याबद्दल ग्रुपवर कुणी बोलत नाही याचं मला मनापासून वाईट वाटतं. आयपीओच्या आधी कायदा बदलला. बोनसवाल्या पॉलिसींमधला शेअरहोल्डरचा वाटा टप्प्याटप्प्याने ५ वरून १० टक्क्यांवर नेला, आणि बिनबोनसच्या पॉलिसींचा सगळा नफा आता शेअरहोल्डरचा. माझ्या मते ज्यांच्या हप्त्यांवर ही संस्था उभी राहिली त्यांना हे साध्या मराठीत समजावून सांगायला हवं होतं. तुम्ही तुमच्या चारही पॉलिसी काढून बघा, बोनसवाली कुठली आणि बिनबोनसची कुठली, आणि मग दरवर्षी जाहीर होणाऱ्या बोनसवर लक्ष ठेवा.

प्रश्न : मी आयपीओत पॉलिसीधारक कोट्यातून १५ शेअर्स घेतले, ६० रुपये सूट मिळाली होती. मग मी तरी मालक ना? (एक वाचक, ठाणे)

उत्तर : हो, तुम्ही आहात, अगदी कायद्याने. एकूण शेअर्स सुमारे ६३२ कोटी, त्यातले तुमचे १५. डिव्हिडंड मिळणार, वार्षिक सभेत मत देता येणार, अर्थात सरकारकडे एवढा हिस्सा असताना ठराव सरकारला हवा तसाच होतो. सूट मिळूनसुद्धा तुम्हाला शेअर ८८९ ला पडला आणि १७ मे २०२२ ला लिस्टिंग, म्हणजे बाजारातली पहिली खरेदी-विक्री, त्याच्याही खालच्या भावाला झालं, हे तुम्हाला माहीतच असेल. पण शेअरचा भाव पडला म्हणून पॉलिसीचे पैसे कमी होत नाहीत, दोन्ही हिशोब वेगळे आहेत, ते एकत्र करू नका.

प्रश्न : कोणाकडे किती हिस्सा हे आपल्याला बघता येतं का? (एक वाचक, मडगाव)

उत्तर : येतं, फुकट. प्रत्येक लिस्टेड कंपनीला दर तीन महिन्यांनी शेअरहोल्डिंग पॅटर्न जाहीर करावा लागतो. बीएसई किंवा एनएसईच्या साइटवर कंपनीचं नाव टाका, प्रमोटर (म्हणजे कंपनीचा मुख्य मालक) या ओळीत सरकारचा आकडा दिसेल आणि त्याखाली बाकीच्यांचा.