चोरीचा हात, हळदीचा डाग

प्रश्न : चोरी करणाऱ्या तीन बायकांवर आठ मिनिटांचा, बिनसंवादाचा प्रायोगिक लघुपट करतोय. सांगलीच्या हळदीच्या पेढीवर एक बाई हळकुंडं उचलून ओच्यात टाकते. चाचणीत चित्रावर काळे पट्टे सरकत होते आणि बोटांवरची हळद फिकी दिसली. बाई चोर आहे हे आधीच कळावं म्हणून पेहराव कसा ठेवावा?
– एक वाचक, मिरज

उत्तर : पट्टे ट्यूबलाइटचे. आपली वीज ५० हर्ट्झची, त्यामुळे जुन्या चोकची ट्यूब सेकंदाला १०० वेळा लुकलुकते. सेकंदाला २५ फ्रेम आणि १/५० सेकंदाचा शटर ठेवा. स्वस्त एलईडीला मात्र एवढ्यानेही गुण येईलच असं नाही. तो बंद करून दारातल्या उजेडात घ्या. हळद फिकी पडते ती ऑटो व्हाइट बॅलन्समुळे, म्हणजे कॅमेरा रंग आपोआप जुळवतो त्यामुळे. चौकटभर पिवळं दिसलं की कॅमेरा ते मारायला बघतो. पांढऱ्या कागदावर एकदा बॅलन्स लावून लॉक करा, फोकसही लॉक करा. नाहीतर हात आत येताच तो मागच्या पोत्यांवर पळतो.

खरी अडचण रीटेकला येईल. हळदीचा हात साबणाने धुतला की डाग लालसर होतो, कारण साबण क्षारयुक्त. हळदीला चुना लावून कुंकू करतात, त्यातलाच हा प्रकार. म्हणून दोन टेकच्या मध्ये साबण नको. खोबरेल चोळून कापसाने पुसा, उरलेल्या डागावर लिंबू फिरवा. पण आमचं ऐकाल तर हा लाल रंग पटातच घ्या : घरी आलेली बाई मोरीत कपड्याच्या साबणाने हात धुते आणि बोटं लाल होतात. संवादाची गरजच उरत नाही. आधी तुमच्या साबणावर करून बघा, हळद भरपूर लावा.

पेहरावाने चोर ओळखू यावा, हे मात्र करू नका. इंग्रजांच्या १८७१च्या गुन्हेगार जमाती कायद्याने अख्ख्या जमातींना जन्मतःच गुन्हेगार ठरवलं. तो १९५२ साली रद्द झाला, तरी त्या माणसांकडे संशयाने बघणं अजून चालू आहे. पारध्यांसारखा घागरा दाखवलात की तुमचा पट त्याच संशयात भर घालणार. तिन्ही बायकांना रोजच्या, बाजाराला जायच्या साड्या द्या.

चोरी बांगड्यांवरून कळू द्या. हात पोत्यात घालण्याआधी ती काचेच्या बांगड्या कोपराकडे सरकवून घट्ट बसवते, म्हणजे किणकिण होत नाही. हा शॉट जवळून, निदान चार सेकंद धरा. बांगड्यांचा आवाज नंतर शांत खोलीत, पंखा बंद करून, माइक वीतभर अंतरावर ठेवून वेगळा घ्या आणि त्या सरकताच तो तोडा.