जेफ बकली कोण होता? एकच अल्बम काढून एवढं नाव कसं झालं?

भुसावळचे असूनही हा प्रश्न विचारलात, बरं वाटलं. आपल्या खान्देशात रॉक ऐकणारे कमी, कव्वालीवर जीव टाकणारे मात्र भरपूर. म्हणून तिकडूनच सांगतो.

जेफ हा अमेरिकन रॉक गायक, १९६६ साली कॅलिफोर्नियात जन्मला. बाप टिम बकली, तोही गायक, पण पोराचा आणि त्याचा सहवास नावालाच. नव्वदीच्या सुरुवातीला न्यूयॉर्कमधल्या 'शिने' या छोट्या कॅफेत जेफ एकटाच गिटार घेऊन गायचा. तिथे तो नुसरत फतेह अली खानांची कव्वाली चक्क उर्दूत म्हणायचा! नुसरतना तो फार मानायचा, १९९६ मध्ये एका मासिकासाठी त्यांची मुलाखतही घेतली. त्याच्या आवाजातली ती लांब, चढत जाणारी आलापी ऐका, माझ्या मते ती अर्धी तिथूनच आली आहे.

१९९४ ला 'ग्रेस' हा त्याचा तो एकुलता एक अल्बम आला. अमेरिकेत सुरुवातीला फारसा खपला नाही, कीर्ती बरीचशी नंतरची. त्यातलं 'हालेलूया' हे गाणं मूळ लेनर्ड कोहेन या गायक-गीतकाराचं, पण अनेकांना ते जेफचंच वाटतं.

दुसऱ्या अल्बमची तयारी चालू असताना २९ मे १९९७ ला मेम्फिसमध्ये तो कपड्यांनिशी वुल्फ नदीत उतरला आणि बुडाला. वय ३०. नशेच्या अफवांवर विश्वास ठेवू नका, तपासणीत तसं काही निघालं नाही. तापीकाठच्या माणसाला वाहत्या पाण्याबद्दल मी काय सांगणार!

'ग्रेस' तासाभराच्या आतला आहे. जळगाव-धुळे एसटीत, खिडकीची जागा मिळाली तर, सलग ऐका.