वजनकाट्याचं जुनं लिनक्स

प्रश्न : सर, आमच्या जिनिंगवर वजनकाट्याच्या कॉम्प्युटरात सेंटओएस ७ ही लिनक्स सिस्टीम आहे. हार्डडिस्क खरखरायला लागलीय. काट्याचं सॉफ्टवेअर दुसऱ्या सिस्टीमवर चालणार नाही, असं देणारा म्हणतो. काट्यावर इंटरनेट नाही. एका पोरानं पाचसहाशे एमबीची फाईल आणून दिली, पण पॅकेजेस कुठून घेऊ असं विचारत ती अडून बसते. कापूस यायच्या आत काय करावं?
— एक वाचक, परतूर

उत्तर : आधी ती डिस्क. पावत्यांचा डेटा आजच दुसरीकडे उतरवून घ्या, बाकीचं नंतर वाचलं तरी चालेल.

पोरानं आणलंय ते नेटइन्स्टॉल. त्यात नुसता इन्स्टॉलर असतो, सामान म्हणजे पॅकेजेस (सिस्टीमचे सुटे भाग) नेटवरून ओढावं लागतं. तुम्ही नेट जोडलं असतं तरी गाडी अडलीच असती, कारण सेंटओएस ७ चा सांभाळ ३० जून २०२४ला संपला आणि सामान कुठे मिळेल ते सांगणारा सर्व्हरही बंद झाला. तुम्हाला पूर्ण इमेज हवी, म्हणजे सगळं सामान आत असलेली एकच फाईल. शेवटची आवृत्ती ७.९. तिची डीव्हीडी इमेज साधारण साडेचार जीबीची आहे, ‘एव्हरीथिंग’ साडेनऊच्या आसपास. मी एव्हरीथिंगच घ्यायला सांगेन. काटेवाल्यांची सॉफ्टवेअरं कधी कोणती जुनी लायब्ररी मागतील, नेम नाही.

ती सेंटओएसच्या व्हॉल्टमध्ये (जुन्या आवृत्त्यांच्या साठ्यात) किंवा त्याच्या प्रती ठेवणाऱ्या सर्व्हरवर शोधा. कुणाच्या ड्राइव्हवरची लिंक घेऊ नका. उतरवल्यावर शा-२५६ बेरीज (फाईल जशीच्या तशी आली का ते दाखवणारा आकडा) अधिकृत यादीशी ताडून पाहा. विंडोजमधल्या सर्टयुटिल या कमांडनं होते. फाईल नुसती पेनड्राइव्हवर कॉपी करून भागत नाही (पेनड्राइव्हच्या नेहमीच्या फॅट३२ फॉरमॅटवर चार जीबीपुढची फाईल बसतच नाही). रूफस या विंडोजवरच्या प्रोग्राममधून डीडी मोडनं (इमेज जशीच्या तशी उतरवणारा पर्याय) लिहा, १६ जीबीचा पेनड्राइव्ह पुरेल.

पुढे एखादं पॅकेज लागलं तर यमच्या (पॅकेजेस बसवणाऱ्या प्रोग्रामच्या) सेटिंगमध्ये ‘सी७-मीडिया’ नावाची रेपो, म्हणजे पॅकेजेस घ्यायची जागा, आधीच दिलेली असते, फक्त बंद असते. पेनड्राइव्ह माउंट करा (सिस्टीमला वाचता येईल असा जोडा), बाकीच्या रेपो बंद ठेवून ही एकच चालू करा.

नवा कॉम्प्युटर मात्र घेऊ नका. सेंटओएस ७ चा कर्नल (सिस्टीमचा गाभा) जुना, ३.१०, आजच्या मशीनचं नेटवर्क कार्ड तो ओळखेलच असं नाही. त्याच डब्यात हार्डडिस्कच्या जागी साधी साटा एसएसडी बसवा. सुरक्षेचे अपडेट आता येत नाहीत, तेव्हा हे मशीन नेटपासून लांबच बरं. आणि अल्मालिनक्स किंवा रॉकी लिनक्स या सेंटओएसच्या जागी आलेल्या सिस्टीमवर काटा का चालत नाही, हे त्या देणाऱ्याकडून लेखी मागा.