उत्तर: माल्टाच्या क्लबचं बोलावणं आलं, पण जन्मतारखा दोन

भाऊ, तुझी पोस्ट दोनदा वाचली. वय १९, आर्णीकडचं गाव, माल्टात ट्रायल, एजंट तीन लाख मागतोय, बाबा दोन एकर विकायला निघालेत. आणि सगळ्यात शेवटी जाता जाता एक ओळ: "पासपोर्टवर एक जन्मतारीख आहे अन् फुटबॉलच्या नोंदणीत दुसरी, चालेल ना?" बाकीच्यांनी एजंटवर भरभरून लिहिलंय. मी त्या शेवटच्या ओळीवर लिहितो, कारण माझं अख्खं एक वर्ष त्याच ओळीत गेलं. देशही तोच होता.

व्हिडिओ कसा करायचा, ट्रायलला काय बघतात, हे तुला कळत असेलच.

माझं असं झालं. जन्म आजोळी, ऑगस्टात, पोळ्याच्या आदल्या दिवशी. तिथल्या ग्रामपंचायतीच्या रजिस्टरात तीच तारीख. पण शाळेत घालायच्या वेळी सहा वर्षं भरत नव्हती, म्हणून गुरुजींनी आदल्या वर्षाची १ जुलै लिहून टाकली. आपल्याकडे उन्हामुळे शाळा उशिरा उघडते, त्यामुळे वर्गातल्या निम्म्या पोरांचा वाढदिवस १ जुलै! टीसीवरून दहावीचं प्रमाणपत्र, त्यावरून पासपोर्ट. मात्र चौदा वर्षांखालच्या स्पर्धेला सरांनी ग्रामपंचायतीचा दाखला लावला, कारण त्यात मी तेरा महिन्यांनी लहान होतो. खोटा कागद एकही नव्हता. जिथं जी तारीख सोयीची, तिथं ती चालवली. मलाही माहीत होतं, मीही गप्प बसलो. फुटबॉलची नोंदणी त्याच दाखल्यावर पुढे सरकत राहिली.

एका देशाच्या फुटबॉल संघटनेकडून दुसऱ्या देशाच्या संघटनेकडे जाताना आंतरराष्ट्रीय हस्तांतर प्रमाणपत्र लागतं, सगळे आयटीसीच म्हणतात. दहा वर्षांपासून पुढच्या प्रत्येक खेळाडूला ते लागतं आणि फिफाच्या नियमाप्रमाणे ते फुकट असतं. त्याच्या नावाखाली पैसे मागणाऱ्याला तिथूनच रामराम कर. व्यावसायिक खेळाडूचा सगळा व्यवहार टीएमएस नावाच्या ऑनलाइन प्रणालीतून होतो आणि नव्या संघटनेला मागणी नोंदणीच्या मुदतीतच टाकावी लागते. अशा मुदती वर्षातून दोनच. माझ्या माल्टातल्या क्लबच्या माणसाने त्यात माझा पासपोर्ट चढवला, इकडच्या नोंदणीशी ताडून पाहिला आणि मला विचारलं, "तुम्ही दोघं भाऊ आहात का?"

आता खरी माती कुठे खाल्ली ते सांगतो. दोन तारखा निघाल्यावर आम्ही घाबरून रजिस्टरातली जन्मनोंद बदलायला धावलो. म्हणजे खरी तारीख खोडून गुरुजींची तारीख घालायला! मी माल्टात, म्हणून सगळी धावपळ बाबांच्या गळ्यात. पहिल्या एसटीने तालुक्याला जायचे. कार्यालयाचं नाव घेत नाही. खिडकीवरच्या बाबूचं उत्तर ठरलेलं, "साहेब मीटिंगले गेले, सोमवारी या." सोमवारी गेलं की, "हा अर्ज आमच्याकडे नाही येत, पंचायतीत द्या." पंचायतीत गेलं की, "वरून पत्र आणा." बाबा अर्ज पिशवीतून काढायचे, घडी उलगडायचे, पुन्हा घडी करून ठेवायचे. घडीवर कागद फाटला तेव्हा त्यांनी मागून भाताची शितं लावून तो चिकटवला. अकराव्या फेरीला कळलं की अर्जाची नोंदच नाही. आवक क्रमांक कुणी दिला नव्हता, पोच कुणी मागितली नव्हती. माझ्या बापाला फोनवर रडताना मी तेव्हा पहिल्यांदा ऐकलं. त्या बाबूवर मी आजही चार पानं लिहू शकतो, पण असो.

तोवर माझ्या नोंदणीची मुदत संपली. नव्वद दिवसांचा व्हिसाही संपला. तीन महिने सराव केला, सामने गॅलरीतून बघितले आणि गावी येऊन कापूस वेचला. जानेवारीची मुदतही तशीच गेली.

मार्ग सांगितला तो आमच्याच गावच्या एका निवृत्त मुख्याध्यापकांनी. "पासपोर्ट हाय नं? मंग त्याले हात नको लावू. फुटबॉलवाल्यांकडची तारीख त्याच्यासारखी करून घे." नोंदणी दुरुस्तीचा अर्ज, टीसी, दहावीचं प्रमाणपत्र, पासपोर्ट आणि दोन तारखा का आल्या याचं खरं खरं प्रतिज्ञापत्र. जुन्या स्पर्धेत लहान वयोगटात खेळलो हेही त्यात लिहिलं. थोडी बोलणी बसली, पण काम झालं. पुढच्या हंगामात त्याच क्लबने घेतलं, कमी पगारावर आणि एकाच वर्षासाठी.

मी वकील नाही. तुझ्या नोंदणीत काय आहे ते मी पाहिलेलं नाही आणि वय चोरलं असेल, तर प्रकरण वेगळं, त्यात माझा सल्ला घेऊ नको. पण एजंटशी बोलण्याआधी टीसी, पासपोर्ट आणि नोंदणी एका रेषेत आण. कुठल्याही अर्जाच्या दुसऱ्या प्रतीवर शिक्का आणि आवक क्रमांक घेतल्याशिवाय खिडकी सोडू नको. सेवा अधिसूचित असेल, तर २०१५ च्या लोकसेवा हक्क कायद्याखाली तिची मुदत ठरलेली असते, ती तिथं बोलून दाखव. बाबूचा आवाज बदलतो.

एजंटबद्दल दोनच गोष्टी. परवाना असलेल्यांची नावं फिफाच्या संकेतस्थळावर शोधता येतात, आधी शोध. आणि त्याचं मानधन करारातून मिळणाऱ्या पैशावर असायला हवं, तुझ्या बापाच्या शेतावर नाही. ट्रायलसाठी आधी तीन लाख, हे मला अजिबात पटत नाही.

वर्क परमिटचं गृहीत धरू नको. २००९ मध्ये सुनील छेत्रीने लंडनच्या क्वीन्स पार्क रेंजर्स क्लबशी करार केला होता, तरी भारताचं जागतिक क्रमांकातलं स्थान खाली म्हणून त्याला ब्रिटनचं परमिट मिळालं नाही. परमिट मिळालं तरच करार लागू, अशी अट क्लबला घालता येत नाही, हे करार वाचताना बघ. दोन महिन्यांचा पगार थकला, तर लेखी नोटीस देऊन पंधरा दिवसांनी करार मोडता येतो. पैशांसाठी फिफाकडे जायचं, तर दोन वर्षांच्या आत, आणि खेळाडूला त्याचं शुल्क नाही.

दहावी झाली नसेल, तर पासपोर्टवर ईसीआर शिक्का असतो, म्हणजे काही देशांत नोकरीला जाताना सरकारी तपासणी लागते. माल्टाला अडचण नाही, पण उद्या आखात किंवा मलेशियाचं बोलावणं आलं, तर नोकरीसाठी जाताना वेगळी परवानगी लागते.

टीसी आणि नोंदणीच्या पानाचा फोटो नाव-नंबर झाकून इथंच टाक. तारखांमध्ये किती महिन्यांचं अंतर आहे आणि कुठल्या स्पर्धेला कुठला दाखला लावला, तेही लिही. तोवर शेताचा सौदा नको, आणि बाबांना सांग, इसार तर मुळीच घेऊ नका.