ट्रॅक्टरच्या टाकीत तेल ओतण्याआधी

बायोडिझेलबद्दल आलेल्या प्रश्नांपैकी तीन प्रश्न पुन्हा पुन्हा विचारले जातात. त्यांची उत्तरे येथे देत आहे.

प्रश्न : घाण्यावर काढलेले करंजाचे तेल डिझेलमध्ये मिसळून ट्रॅक्टरला वापरले तर चालेल का?

नाही. इंजिन सुरू होईल आणि काही दिवस बरे चालेलही, म्हणूनच फसगत होते. 1900 साली पॅरिसच्या प्रदर्शनात डिझेल इंजिन शेंगदाणा तेलावर चालवून दाखवले होते, हा दाखला बरेच जण देतात. तो खरा आहे, पण आजच्या इंजिनात इंधन फवारणाऱ्या नोजलची छिद्रे केसासारखी बारीक असतात आणि कच्चे तेल डिझेलपेक्षा साधारण दहापट घट्ट असते. त्याचा फवारा नीट फुटत नाही, थेंब अर्धवट जळतात. मग नोजलच्या तोंडाशी काजळी धरते, पिस्टनच्या रिंगा चिकटतात आणि न जळलेले तेल खाली उतरून इंजिन ऑइल घट्ट करते. स्टार्टिंग जड जाऊ लागले, धूर वाढला, डिपस्टिकवरचे ऑइल चिकट लागू लागले की समजा, खर्च दाराशी आला.

बायोडिझेल म्हणजे हे तेल नव्हे. तेलात मिथेनॉल आणि थोडा कॉस्टिक सोडा घालून ते 55 ते 60 अंशांवर ढवळत ठेवले की जड ग्लिसरीन तळाशी बसते आणि वर पातळ इंधन राहते. तेलात पाणी असेल किंवा ते जुने, आंबूस झालेले असेल तर इंधनाऐवजी साबणच तयार होतो. घरी मात्र हा प्रयोग करू नका. मिथेनॉल विषारी आहे, पोटात गेले तर डोळे जातात, आणि त्याची ज्योत उजेडात दिसतही नाही. गटाने मिळून, प्रशिक्षित माणूस नेमून, तपासणीची सोय करून करायचे असेल तर गोष्ट वेगळी.

प्रश्न : तयार बायोडिझेलचे मिश्रण भरल्यापासून फिल्टर सारखा चोक होतो. इंधनात भेसळ आहे का?

असूही शकते, पण आधी टाकी बघा. बायोडिझेल जुन्या टाकीतला चिकटलेला गाळ सोडवते आणि तो सगळा फिल्टरमध्ये येऊन बसतो. टाकी रिकामी करून धुवा, फिल्टर बदला आणि दुसरा जवळ ठेवा. जुन्या इंजिनाच्या रबरी नळ्या आणि सील बायोडिझेलमुळे फुगतात, मऊ पडतात. हाताने दाबून पाहा. थंडीत हे इंधन डिझेलच्या आधी गोठू लागते, पामतेलाचे तर 15 अंशांच्या आसपासच धूसर होते. ते हवेतली ओलही धरते, त्यामुळे हंगामभराचा साठा करून ठेवू नका. सहा महिन्यांच्या आत संपवा आणि कॅन भरलेला, झाकण घट्ट ठेवा. ताकद किलोमागे साधारण दहा टक्के कमी असते, तेव्हा शुद्ध बायोडिझेलवर इंधन थोडे जास्त लागणारच. किती टक्के मिश्रण चालते, हे इंजिनच्या पुस्तिकेत बघा. त्याहून जास्त भरले तर वॉरंटीचा वाद तुमच्याच अंगावर येईल.

प्रश्न : चांगल्या जमिनीत इंधनासाठी तेलबिया घ्याव्यात का? खनिज तेलाला हा पर्याय ठरेल का?

काही अंशी ठरेल. जळताना निघणारा कार्बन झाडाने हवेतूनच घेतलेला असतो, हे बरोबर. पण मिथेनॉल बहुधा नैसर्गिक वायूपासूनच बनते, खताला आणि मशागतीलाही इंधन जाते. आणि हिशोब करून पाहा : हेक्टरी 2 टन सोयाबीन आणि 18 टक्के तेल धरले तर हाती 360 किलो तेल. एवढ्यासाठी पिकाची जमीन देणे मला पटत नाही. वापरून टाकून दिलेले तळणाचे तेल गोळा करून त्याचे इंधन करणे जास्त शहाणपणाचे.

बांधावर किंवा पडीक जागेत करंज जरूर लावा. तो मुळांवाटे नत्र धरतो, सावली देतो, बी मिळेल ते वरचे. इंधनाच्या तेलासाठी लावल्या जाणाऱ्या मोगली एरंडाच्या (जट्रोफाच्या) बाबतीत मात्र सावध राहा. कोरड्या जमिनीत तो जगतो हे खरे, पण जगणे वेगळे आणि बी देणे वेगळे. पाण्याशिवाय भरघोस उत्पन्नाची आशा बऱ्याच देशांत फोल ठरली आहे. त्याची पेंड खत म्हणून जमिनीत घाला, जनावरांपुढे मुळीच टाकू नका. बीसुद्धा विषारी असते, म्हणून वाळत घातलेल्या बियांजवळ लहान मुलांना जाऊ देऊ नका.