मांडवी : राजकन्या की जकातघर?

फोंड्याहून एक आजी विचारतात : "नातीचं नाव मांडवी ठेवायचं सुनेच्या मनात आहे. विहीणबाई म्हणतात, भरताच्या बायकोचं नाव, उत्तम. आमचे भावोजी म्हणतात, मांडवी म्हणजे जकातनाका, पोरीला असलं नाव ठेवतात का कोणी? मोबाइलवर 'पवित्र नदी' असा अर्थ सापडला. खरं कोणाचं?"

उत्तराआधी एक राग काढून घेतो. बाई, तुम्ही 'मांडवी' लिहिलंत, त्याबद्दल आभार. पणजीवरून वाहणाऱ्या आपल्या गोव्याच्या मांडवी नदीचं नाव मुंबई-पुण्याच्या वृत्तनिवेदकांच्या तोंडून 'मंडोवी' असं ऐकून कान किटले आहेत. हल्ली पणजीत जन्मलेली पोरंही 'मांडोवी' म्हणतात. हा 'ओ' आला कुठून? आपल्याकडच्या बोलण्यातला 'अ' किंचित गोलसर, पोर्तुगीज कारकुनाच्या कानाला तो 'ओ' लागला आणि त्याने तसा टिपला. पर्वरीचं त्याने पोर्वोरिं केलं, परबांचं पोरोब केलं, तसंच मांडवीचं मांदोवीं. रोमन पाटी वाचून आपल्याच नदीचं नाव शिकायची वेळ आपल्यावर का यावी? मुंबईहून मडगावला येणाऱ्या गाडीच्या डब्यावर देवनागरीत स्वच्छ 'मांडवी एक्सप्रेस' लिहिलेलं असतं. तेवढं वाचलं तरी पुरे.

आता विहीणबाई. त्यांचं बरोबर आहे. मांडवी ही जनकाचा भाऊ कुशध्वज याची मुलगी, श्रुतकीर्तीची बहीण, भरताची बायको. रामायणात तिच्या वाट्याला ओळी फार थोड्या, पण उत्तरकांडातले भरताचे मुलगे तक्ष आणि पुष्कल, म्हणजे तक्षशिला आणि पुष्कलावती ही गावं ज्यांच्या नावाने सांगतात ते, तिचेच. नावाची घडण सरळ आहे : गार्ग्यवरून गार्गी, तशी मांडव्यवरून मांडवी. मांडव्यांच्या कुळातली. एवढं या बाजूला पुरे, कारण खरी गंमत भावोजींच्या बाजूला आहे आणि ती त्यांना ठाऊक दिसत नाही.

संस्कृतात 'मण्डप', त्याचा आपण केला मांडव. लहान मंडप तो 'मण्डपिका'. नवव्या-दहाव्या शतकांतल्या उत्तरेकडच्या शिलालेखांत ही मण्डपिका लग्नाची नाही, वसुलीची आहे. बाजाराच्या तोंडाशी छप्पर घालून राजाचा माणूस बसायचा, येणाऱ्या मालावर कर घ्यायचा. काही लेखांत तर सरळ 'शुल्कमण्डपिका' म्हटलं आहे. याच शब्दाची हिंदीत झाली मंडी. आपली मंडईही मी याच घरातली मानतो. आणि पश्चिम किनाऱ्यावर तिची झाली मांडवी : जकात घेण्याची जागा. सोळाव्या शतकातल्या पोर्तुगीज महसुली कागदांत वसई-ठाण्याकडच्या जकातींच्या नोंदींत 'मांदोवीं' येतो, तो हाच. वरून खाली उतरत या : कच्छची मांडवी, तापीकाठची मांडवी, मुंबईतली मांडवी, रत्नागिरीची मांडवी. जिथे गलबतं लागली, गोण्या उतरल्या, तिथे मांडवी. मग जुन्या गोव्याच्या धक्क्याखालून जाणाऱ्या नदीला हे नाव पडलं यात नवल काय?

यावर एक जाणकार मला नेहमी अडवतात : कोंकणीत मंडपाला 'माटव' म्हणतात, मग नदी 'माटवी' का नाही? प्रश्न चांगला आहे, आणि माझ्या मते इथेच गाठ सुटते. माटव हा घरचा शब्द. लग्नाला माटव, चवथीला गणपतीच्या डोक्यावर टांगलेली फळापानांची माटोळी, ती याच माटवाची धाकटी बहीण. घरात वाढलेला शब्द घरच्या वळणाने बदलला. मांडवी मात्र सरकारी शब्द. तो कारकुनांच्या वहीतून, व्यापाऱ्यांच्या गलबतांतून बंदरोबंदर फिरत आला, म्हणून कच्छपासून गोव्यापर्यंत त्याच रूपात राहिला. तालुका, कचेरी हे शब्द तरी गावोगाव कुठे फारसे बदलले? नदी वर सत्तरी तालुक्यात, जिथे जकातघर नव्हतं, तिथे म्हादईच आहे. (पाणीतंट्याच्या लवादाच्या बातम्यांमुळे हे नाव आता घाटापलीकडेही पोचलं.) पाणी तेच, पण खाली बंदराच्या टप्प्यात येताच नाव बदलतं. यापेक्षा मोठा पुरावा कोणाला हवा आहे?

तरी काही विद्वानांना नदीकाठी मांडव्य ऋषींचा आश्रमच हवा असतो. कच्छातही हेच सांगतात. प्रत्येक मांडवीला एकेक आश्रम द्यायचा, तर मांडव्यांनी तप कधी केलं? महाभारतातले अणीमांडव्य तर शूळाचं टोक अंगात घेऊन हिंडत होते. निदान त्यांना तरी एवढी पायपीट नको! दुसरा पक्ष 'मांड'वाला. धालो आणि शिगमो हे गोव्यातले लोकोत्सव ज्या पवित्र जागेवर होतात तो मांड, त्यावरून मांडवी. ऐकायला गोड आहे. पण मांड गावात असतो, वाड्यावर असतो, त्यावरून नदीला नाव पडायला मधे काही दुवा लागतो. तो या मंडळींनी अजून दाखवलेला नाही. भाषणात मात्र दरवर्षी सांगतात.

आणि नाव कालबाह्यही झालेलं नाही. पणजीसमोर कसिनोंच्या बोटी नांगरून उभ्या आहेत, सरकार त्यांच्याकडून परवाना शुल्क घेतं. मण्डपिकेचा कारभार चालूच आहे, फक्त छप्पर तरंगतं आहे.

हो, नातीचं राहिलं. ठेवा नाव, बेलाशक. व्यक्तिनाम म्हणून ते राजकन्येचं, नदीचं नाव वेगळ्या वाटेने आलेलं. दोन शब्द एकसारखे दिसतात, एवढंच. 'पवित्र नदी' हा अर्थ नव्हे. नदी पवित्र असेल, शब्दात ते कुठेच नाही. भावोजींना सांगा, जकातघर म्हणजे लक्ष्मी यायची जागा, तक्रार कसली करता? फक्त जन्मदाखल्यावर रोमन अक्षरांत लिहिताना 'व'च्या आधी 'ए' घाला, 'ओ' नको. नाहीतर शाळेत पहिल्याच दिवशी हजेरीत तिची मंडोवी होईल.