नट व्हायचंय म्हणणारा मुलगा आणि न बोलणारे वडील

पत्र (संक्षिप्त करून): मुलगा पुण्यात मेकॅनिकलच्या तिसऱ्या वर्षाला आहे, एका विषयाची केटी लागली आहे. जर्मनीत एमएस करावं म्हणून आम्ही त्याला जर्मनचा क्लास लावला, बी-२ ही पातळी झाली. पण तिथले सिनेमे बघून त्याला मारिओ आडोर्फ नावाच्या नटाचं वेड लागलंय. 'त्यानेही युनिव्हर्सिटी अर्धवट सोडली होती' म्हणतो, आणि कॉलेज सोडून जर्मनीत अभिनय शिकायचा हट्ट धरलाय. पुढची फी भरणार नाही असं मी सांगितलंय. दिवाळीपासून त्याच्याशी बोलत नाही, काय असेल ते त्याची आई सांगते. त्या नटाचं घराणं मोठं असेल, आपल्या मागे कोण आहे? तुम्हीच त्याला समजवा. – एक पालक, नाशिक

उत्तर:

केटी सुटते हो. मला खटकला तो तुमचा अबोला. विशीतल्या मुलाशी बापाने बोलायचं नाही आणि मधल्या मध्ये आईने निरोप पोचवत बसायचं, याला शिस्त म्हणत नाहीत. अशाने होतं उलटंच. वाद घालायला समोर कोणी नसलं की मुलगा स्वतःच्या बेतातल्या चुकाही तपासत नाही. तुमचा नकार हेच त्याच्या बाजूचं सगळ्यात मोठं कारण होऊन बसतं. आणि फीचं म्हणाल, तर कॉलेज सोडतो असं तो नुसतं म्हणतोय. ते बंद पाडायला निघालात तुम्ही.

त्या नटाबद्दल तुम्ही दोघांनीही आपापल्या सोयीचं धरून ठेवलंय. घराणं वगैरे काही नव्हतं. १९३० साली झुरिकमध्ये जन्म. वडील इटालियन सर्जन, पण त्यांचा संसार वेगळा. या मुलाला आईने एकटीने, शिवणकाम करून, जर्मनीतल्या मायन या लहान गावात वाढवलं.

आता चिरंजीवांचा गैरसमज. विद्यापीठ सोडलं हे खरं. माइन्झला तो तत्त्वज्ञान, मानसशास्त्र असं बरंच काही शिकत होता, ते अर्धवट टाकून झुरिकच्या नाट्यगृहात एक्स्ट्राची कामं करायला गेला. पण गोष्ट इथे संपवायची नसते. त्यानंतर तो १९५३ ते १९५५ म्युनिकच्या ओटो फाल्केनबर्ग नाट्यशाळेत शिकला, आणि पुढे १९६२ पर्यंत त्याच शहराच्या कामरश्पीले या नाट्यगृहात नट होता. जर्मनीत शहरांची स्वतःची नाट्यगृहं असतात, ती सार्वजनिक पैशावर चालतात. तिथला नट पगारी असतो. या नाटकात मोठी भूमिका, पुढच्यात चार वाक्यं, आणि तक्रार करायची सोय नाही. १९५७ मध्ये रॉबर्ट सिओडमाकच्या चित्रपटात त्याने खुनी ब्रूनो ल्यूडके साकारला आणि रातोरात नाव झालं. (नाझी पोलिसांनी ज्याच्याकडून कबुलीजबाब वदवले, तो खरा ल्यूडके बहुधा निर्दोष होता, असं आज अभ्यासक मानतात.) एवढं नाव झाल्यावरही आडोर्फ पुढची पाच वर्षं त्या नाट्यगृहातच होता. तुमचा मुलगा ज्याला 'सोडून देणं' म्हणतो, ते हे असं आहे.

बरं, नाव झालं तेही खलनायक म्हणून. १९६३ च्या 'विनेटू' या चित्रपटात त्याने नायकाच्या बहिणीला गोळी घातली, आणि प्रेक्षकांनी तो राग वर्षानुवर्षं धरला. मग हॉलिवूडमध्ये सार्जंट गोमेझ, इटलीत गुन्हेगारीपट, १९७९ च्या, ऑस्कर मिळवलेल्या 'टिन ड्रम' चित्रपटातला बाप, १९८१ मध्ये दिग्दर्शक फासबिंडरच्या 'लोला'तला बिल्डर. १९८६ च्या 'किर रॉयाल' या मालिकेत त्याचा गोंदाचा कारखानदार एकाच भागात आहे, आणि जर्मन प्रेक्षकांना तो अजून आठवतो. 'बेलहाइम' या मालिकेत निवृत्तीतून परतणारा दुकानमालक त्याने साकारला तेव्हा वयाची साठी उलटली होती. यातलं नेमकं काय हवंय, हे मुलाला विचारलंत का? प्रसिद्धी, की एका भागातला कारखानदार जीव ओतून करणं?

मला खरी शंका वेगळीच आहे. एवढ्या लांबलचक पत्रात त्याने केलेल्या एकाही नाटकाचा उल्लेख नाही. पुण्यात तीन वर्षं राहून पुरुषोत्तम करंडकाच्या एकांकिकेत बॅकस्टेजलाही तो उभा राहिला नसेल, तर त्याला अभिनय आवडतो की इंजिनिअरिंग नकोसं झालंय, हे आज कोणीच सांगू शकत नाही. तोसुद्धा नाही. आणि बी-२ वर एमएसला गेलेला विद्यार्थी निभावून नेईल, रंगमंचावर नाही. तिथे त्याच्यासमोर जन्मापासून जर्मन बोलणारी मुलं असतील आणि जागा मोजक्या.

एमएसचं एपीएस प्रमाणपत्र, आयईएलटीएस वगैरे तुम्हाला पाठ असेलच. पण पुण्याच्या एफटीआयआय या चित्रपटसंस्थेचा अभिनयाचा अभ्यासक्रम असो की दिल्लीचं राष्ट्रीय नाट्य विद्यालय (एनएसडी), दोन्हीकडे पदवी लागते. कोणत्या शाखेची, याला महत्त्व नाही. म्हणजे मेकॅनिकलचं उरलेलं शिक्षण त्याच्या स्वप्नाच्याच कामाचं आहे, आणि हे त्याला तुम्ही स्वतः सांगायला हवं. मी समजावणार नाही. फी भरा, पुण्याला जा, समोर बसून बोला. तोवर कॉलेजच्या नाटकाच्या तालमींना जाऊ दे, जर्मन सी-१ पर्यंत जाऊ दे; ते एमएसलाही चालतं. पदवीनंतरही हट्ट कायम असेल तर म्युनिकला प्रवेशचाचणी द्यायला खुशाल जाऊ द्या. जमत नसेल तर तिथले परीक्षक तोंडावर सांगतील, आणि त्यांचं तो ऐकेल.